यादीत नसलेला शब्द : वाय-फायच्या परवलीची परीक्षा

बिनतारी इंटरनेट, म्हणजेच सर्वांच्या तोंडी रुळलेले वाय-फाय, ही आता केवळ शहरांची मिरास राहिलेली नाही. पंचायतघर, शाळा, वाचनालय, प्राथमिक आरोग्य केंद्र, सहकारी पतसंस्था आणि सर्वसाधारण कुटुंबाचे घर अशा सर्व ठिकाणी भिंतीवर मिणमिणते दिवे असलेली एक लहानशी पेटी दिसते. तिला राउटर म्हणतात. नागरिकांचे दाखले, विद्यार्थ्यांचे गुण, रुग्णांच्या नोंदी आणि बँकेचे व्यवहार या पेटीतून ये-जा करीत असतात. पेटीला कुलूप मात्र बहुधा एकच असते. ते म्हणजे परवलीचा शब्द, अर्थात पासवर्ड.

हे कुलूप कितपत भक्कम आहे, हे पाहण्यासाठी अनेक कार्यालये व संस्था जाणकारांकडून सुरक्षा-चाचणी करून घेतात. या चाचणीत ‘शब्दकोश-हल्ला’ हा एक नेहमीचा प्रयोग असतो. चाचणीच्या अहवालात ‘शब्दकोश-हल्ला अयशस्वी’ असा शेरा आला की कार्यालयप्रमुख समाधानाने अहवाल नस्तीत लावतात. हा हल्ला कसा चालतो, तो फसतो तेव्हा नेमका कशामुळे फसतो आणि तो फसला म्हणून निर्धास्त राहता येते काय, याचा विचार प्रस्तुत लेखात करावयाचा आहे.

प्रश्न कोणाच्या जिवाचा?

आपल्या घरच्या इंटरनेटमध्ये कोणी शिरले तर फार तर थोडा डेटा जाईल, अशी अनेकांची समजूत असते. ती खरी नाही. जुलै २००८ मध्ये अहमदाबाद येथे साखळी बाँबस्फोट झाले. त्यांची जबाबदारी घेणारा ई-मेल नवी मुंबईतील एका सदनिकेच्या असुरक्षित वाय-फाय जोडणीवरून पाठविण्यात आल्याचे तपासात आढळले. साहजिकच जोडणीच्या धारकास पोलिसांच्या चौकशीस सामोरे जावे लागले. इंटरनेटच्या जगात कृत्य करणाऱ्याचा चेहरा दिसत नाही; दिसतो तो जोडणीचा पत्ता. म्हणून दुसऱ्याच्या गुन्ह्याचा माग आपल्या दाराशी येऊन थांबू शकतो. त्या जोडणीवर पुरेसे संरक्षण नव्हते. आज बहुतेक पेट्यांना परवलीचा शब्द असतो. पण तो सहज ओळखता येण्याजोगा असेल, तर दार लोटलेले आहे इतकेच. कडी लागलेली नाही.

शब्दकोश-हल्ला म्हणजे काय?

येथे ‘शब्दकोश’ म्हणजे मोल्सवर्थचा अथवा दाते-कर्वे यांचा कोश नव्हे. माणसे परवलीसाठी जे शब्द, नावे आणि आकडे निवडतात, त्यांची तयार केलेली लांबलचक यादी म्हणजे हा शब्दकोश. संगणक या यादीतील एकेक शब्द घेऊन कुलपाला लावून पाहतो. किल्ल्यांचा मोठा जुडगा घेऊन एकेक किल्ली फिरवून पाहावी, तसाच हा प्रकार आहे. फरक एवढाच की संगणक थकत नाही आणि त्याचा वेग अचाट असतो.

ही पद्धत नवी नाही. अमेरिकेतील बेल प्रयोगशाळेचे रॉबर्ट मॉरिस व केन थॉम्प्सन यांनी १९७९ साली या विषयावर एक निबंध प्रसिद्ध केला. त्यांनी संगणक वापरणाऱ्यांचे ३,२८९ परवलीचे शब्द तपासले. त्यांपैकी २,८३१, म्हणजे सुमारे ८६ टक्के, शब्द एक तर फारच तोकडे होते, नाही तर कोशांत आणि नावांच्या याद्यांत सापडणारे होते. यावर त्यांनी दोन उपाय सुचविले. शब्द तपासण्याची क्रिया मुद्दाम संथ करावी, हा पहिला. प्रत्येक शब्दात एक वेगळी यादृच्छिक भर घालावी, हा दुसरा. या भरीला संगणकशास्त्रात ‘मीठ’ असे मजेदार नाव पडले आहे. हे दोन्ही उपाय आजच्या वाय-फायमध्येही आहेत, हे पुढे दिसेल.

पुढे २००९ साली ‘रॉकयू’ या अमेरिकन कंपनीच्या साठ्यातून सुमारे ३ कोटी २० लाख खात्यांचे परवलीचे शब्द चोरीस गेले. ते कोणत्याही आवरणाविना जसेच्या तसे साठविलेले होते. पुनरुक्ती वगळता त्यांतून सुमारे १ कोटी ४३ लाख वेगवेगळ्या शब्दांची यादी तयार झाली. सर्वाधिक लोकांनी निवडलेली परवल होती ‘१२३४५६’. माणसे प्रत्यक्षात काय निवडतात, याचा हा अस्सल नमुनाच होता. चाचणी करणारे आणि चोरी करणारे, दोघेही आजतागायत ही यादी वापरीत आले आहेत.

हवेतून चालणारी ओळखपरेड

वाय-फायवर हा हल्ला कसा होतो, हे समजण्यासाठी आपला मोबाइल राउटरशी कसा जोडला जातो ते पाहू. आज सर्वत्र आढळणाऱ्या, २००४ साली आलेल्या डब्ल्यूपीए-२ या पद्धतीत परवलीचा शब्द हवेतून कधीच उघडपणे पाठविला जात नाही. दोन्ही बाजूंत चार निरोपांची देवाणघेवाण होते. तिला ‘हस्तांदोलन’ म्हणतात. राउटर एक यादृच्छिक संख्या पाठवितो. मोबाइल आपल्याकडील दुसरी संख्या पाठवितो आणि सोबत एक मोहोर उमटवून देतो. ही मोहोर परवलीच्या शब्दापासून काढलेल्या किल्लीवर आधारलेली असते. राउटर स्वतःही तेच गणित करून पाहतो. मोहोर जुळली की दार उघडते.

आता रस्त्यावर उभा असलेला एखादा मनुष्य आपल्या संगणकावर हे निरोप टिपून घेऊ शकतो, कारण लहरी भिंतीपाशी थांबत नाहीत. त्याला परवल कळत नाही, पण मोहोर मिळते. मग तो आपल्या घरी निवांत बसून यादीतील पहिला शब्द घेतो, त्यापासून किल्ली काढतो, मोहोर उमटवितो आणि टिपलेल्या मोहोरेशी ताडून पाहतो. न जुळल्यास दुसरा शब्द, मग तिसरा. या साऱ्या काळात आपल्या राउटरला काहीच कळत नाही. ‘तीन वेळा चुकल्यास कुलूपबंद’ असा बँकेसारखा नियम येथे लागू पडत नाही. कित्येक राउटरांच्या बाबतीत तर कोणी मोबाइल जोडण्याचीही वाट पाहावी लागत नाही. एकट्या राउटरच्या पहिल्या निरोपातूनच ताडून पाहण्याजोगी खूण मिळते, हे २०१८ साली उघडकीस आले.

हल्ला का फसतो?

असे असूनही हा हल्ला पुष्कळदा फसतो. त्याची कारणे एकाच तोलामोलाची नाहीत, म्हणून ती वेगवेगळी पाहणे आवश्यक आहे.

पहिले आणि सर्वांत मोठे कारण अगदी साधे आहे : तो शब्द यादीत नसतो. यादी कितीही लांब असली, तरी तिच्यात नसलेला शब्द ती कधीच शोधू शकत नाही. वाय-फायच्या परवलीत किमान ८ आणि कमाल ६३ चिन्हे चालतात. रोमन अक्षरे, आकडे आणि विरामचिन्हे मिळून एकंदर ९५ चिन्हांतून ती निवडता येतात. इतक्या मोठ्या मैदानात दीड कोटी शब्दांची यादी म्हणजे समुद्रात टाकलेली घागर होय.

दुसरे कारण गतीचे. परवलीच्या शब्दापासून किल्ली काढताना ४,०९६ आवर्तनांचे गणित करावे लागते. आपल्या मोबाइलला ते एकदाच करावयाचे असल्याने आपणास विलंब जाणवत नाही. हल्लेखोराला मात्र प्रत्येक शब्दासाठी हा दंड भरावा लागतो. तरीही या दंडावर फार विसंबू नये. चित्रे व खेळ यांसाठी बनविलेले उच्च प्रतीचे एक ग्राफिक्स कार्ड आज दर सेकंदास सुमारे २५ लाख शब्द ताडून पाहू शकते. त्या गतीने रॉकयूची संपूर्ण यादी सहा सेकंदांच्या आत संपते. संथपणामुळे लहान यादी थांबत नाही. थांबतो तो सर्व शक्यता तपासण्याचा हव्यास.

तिसरे कारण मिठाचे. किल्ली काढताना परवलीबरोबर आपल्या जाळ्याचे नावही गणितात मिसळले जाते. एकच परवल ‘शाळा’ आणि ‘पंचायत’ अशा दोन नावांच्या जाळ्यांना दिली, तरी किल्ल्या भिन्न निघतात. त्यामुळे सर्व शब्दांच्या किल्ल्या आधीच काढून त्यांचा तक्ता सर्वत्र वापरता येत नाही. मात्र जाळ्याचे नाव कारखान्यातून आले तसेच ठेवले असेल, तर हे मीठ अळणी ठरते. सर्वाधिक प्रचलित अशा एक हजार नावांसाठी आयते तक्ते पूर्वीच तयार करण्यात आले होते. नाव बदलण्याचा सल्ला देतात तो याचसाठी. पण नाव बदलताना त्यात कार्यालयाचे वा कुटुंबाचे नाव घालू नये. तसे केल्यास कोणते दार कोणाचे, हे आपणच जाहीर करतो.

चौथे कारण चाचणी करणाऱ्याच्या हातून राहिलेल्या त्रुटींचे. हस्तांदोलनाचे निरोप अर्धवट टिपले गेले, तर ताडून पाहण्यासारखे काही उरतच नाही. कधी एखादा पाहुणा चुकीची परवल टाकतो आणि नेमका तोच निरोप टिपला जातो. मग यादीत खरी परवल असूनही ती जुळत नाही. यादीतील आठ अक्षरांपेक्षा लहान शब्द तर वाय-फायच्या कामाचेच नसतात. ते वगळल्यावर यादी वाटते त्यापेक्षा बरीच आखूड होते. अशा वेळी हल्ला फसला याचा अर्थ कुलूप भक्कम आहे असा होत नाही. किल्ली नीट फिरविलीच गेली नाही, एवढाच होतो.

पाचवे कारण पद्धतीतील सुधारणेचे. २०१८ साली डब्ल्यूपीए-३ ही नवी पद्धत जाहीर झाली आणि जुलै २०२० पासून वाय-फायचे अधिकृत प्रमाणपत्र घेणाऱ्या नव्या उपकरणांना ती बंधनकारक झाली. तिच्यातील हस्तांदोलनाची रचना अशी आहे की रस्त्यावरून टिपलेल्या निरोपांवरून घरी बसून शब्द ताडता येत नाहीत. प्रत्येक अंदाजासाठी राउटरशी नव्याने प्रत्यक्ष बोलावे लागते. त्यामुळे सेकंदास लाखो अंदाज बांधणे अशक्य होते. या पद्धतीच्या आरंभीच्या अंमलबजावणीत २०१९ साली काही उणिवा आढळल्या आणि त्या सुधारण्यात आल्या. परंतु जुन्या उपकरणांसाठी राउटरमध्ये दोन्ही पद्धती एकाच वेळी चालू ठेवल्या असतील, तर जुन्या पद्धतीने जोडणाऱ्या मोबाइलची मोहोर पूर्वीप्रमाणेच टिपता येते, हे विसरू नये.

तेल अवीवचा धडा

या पाच कारणांपैकी आपल्या हाती असलेले आणि सर्वांत महत्त्वाचे कारण पहिले, म्हणजे यादीत नसलेला शब्द. पण ‘यादीत नसणे’ आणि ‘सुरक्षित असणे’ या दोन भिन्न गोष्टी आहेत. याचे उत्तम उदाहरण इस्रायलमधील तेल अवीव शहरात मिळाले.

सायबरआर्क या सुरक्षा-कंपनीच्या एका संशोधकाने शहरात फिरून सुमारे ५,००० वाय-फाय जाळ्यांच्या खुणा टिपल्या आणि २०२१ साली आपले निष्कर्ष प्रसिद्ध केले. त्याने आरंभ शब्दांच्या यादीने केलाच नाही. तेथील पुष्कळ लोक आपला मोबाइल क्रमांक हीच परवल ठेवतात, हे त्याला ठाऊक होते. तेथील मोबाइल क्रमांक दहा आकडी असून पहिले दोन आकडे ठरलेले असतात. म्हणजे उरले आठ आकडे आणि शक्यता अवघ्या दहा कोटी. एवढ्या एका युक्तीने सुमारे २,२०० जाळ्यांची परवल त्याच्या हाती आली. त्यानंतर त्याने उरलेल्यांवर रॉकयूची प्रसिद्ध यादी चालविली, तेव्हा आणखी सुमारे ९०० सापडल्या. सर्व उपाय मिळून ७० टक्क्यांहून अधिक जाळी उघडली.

ही आकडेवारी नीट पाहावी. जगप्रसिद्ध यादीने जे केले, त्याच्या दुपटीहून अधिक काम त्या समाजाच्या एका सवयीच्या माहितीने केले. ते मोबाइल क्रमांक इंग्रजी शब्दांच्या कोणत्याही कोशात सापडले नसते. केवळ कोश चालवून चाचणी थांबविली असती, तर त्या शेकडो घरांना ‘हल्ला अयशस्वी’ असा निर्वाळा मिळाला असता आणि त्यांची दारे उघडीच राहिली असती.

आपल्याकडील सवयी

आपल्याकडे भारतातही मोबाइल क्रमांक दहा आकडी आहेत आणि त्यांचा आरंभ ६, ७, ८ किंवा ९ या आकड्याने होतो. म्हणजे एकंदर शक्यता ४०० कोटी. हा आकडा ऐकावयास मोठा वाटतो. पण वर सांगितलेल्या कार्डाच्या गतीने तो सत्तावीस मिनिटांत संपतो. आठ आकड्यांत लिहिलेली जन्मतारीख घेतली, तर शंभर वर्षांतील सर्व तारखा मिळून सदतीस हजारही भरत नाहीत. त्या डोळ्याचे पाते लवण्यापूर्वी तपासून होतात.

मराठी शब्द रोमन लिपीत लिहिला म्हणजे परदेशी यादीला तो सापडणार नाही, असा एक समज आहे. त्यात अंशतः तथ्य आहे. ‘विठ्ठल’ हे एकच नाव रोमन अक्षरांत पाच-सहा प्रकारे लिहिता येते, आणि परक्या यादीत त्यांतील एखादाच प्रकार असू शकतो. पण आपल्या दारावर येणारा मनुष्य परका असेलच असे नाही. तो शेजारचा, त्याच गावचा, तीच भाषा बोलणारा असू शकतो. शांतादुर्गा, मंगेश, म्हाळसा ही देवतांची नावे, गावाचे व वाड्याचे नाव, मुलांची लाडाची नावे, मोटारीचा क्रमांक, संस्थेचे स्थापना-वर्ष यांची यादी करण्यास त्याला एक संध्याकाळ पुरते. प्रत्येक नावापुढे ‘१२३’ अथवा ‘२०२४’ जोडणे, ‘ए’ या अक्षराच्या जागी ‘@’ हे चिन्ह घालणे, पहिले अक्षर मोठे करणे, हे सर्व फेरफार संगणक आपोआप करतो. ज्या युक्त्या आपणास चतुराईच्या वाटतात, त्या इतर हजारो जणांनाही सुचलेल्या असतात आणि म्हणूनच त्या नियमांच्या रूपाने हल्लेखोराच्या साधनांत आधीच बसविलेल्या आहेत.

शेरा कसा वाचावा?

यावरून अधिकाऱ्यांच्या ध्यानात येईल की ‘शब्दकोश-हल्ला अयशस्वी’ हा शेरा अपुरा आहे. त्याचा खरा अर्थ ‘अमुक यादीत परवल सापडली नाही’ एवढाच असतो. म्हणून चाचणी करणाऱ्यास पुढील प्रश्न अवश्य विचारावेत. कोणती यादी वापरली आणि तिच्यात आठ किंवा अधिक अक्षरांचे किती शब्द होते? यादीत स्थानिक नावे, गावे, मोबाइल क्रमांक आणि तारखा यांचा समावेश होता काय? हस्तांदोलन पूर्ण टिपले गेल्याची खात्री कशी केली? खात्रीचा एक सोपा मार्ग आहे. कार्यालयाने चाचणीपुरती माहीत असलेली परवल ठेवावी, ती यादीत मुद्दाम घालावी आणि साधन ती शोधून काढते की नाही, हे पाहावे. नंतर खरी परवल ठेवून पुन्हा चाचणी घ्यावी. तराजू आधी माहीत असलेल्या वजनाने तपासतात, त्यातलाच हा प्रकार होय.

आणखी एक गोष्ट. परवल कोणी व कशी निवडली, हे कळल्यास चाचणीशिवायही तिची ताकद पुष्कळ अंशी सांगता येते. माणसाने मनाने निवडलेली परवल किती भक्कम आहे, हे कोणतीही यादी निश्चितपणे सांगू शकत नाही. यादृच्छिक पद्धतीने निवडलेल्या परवलीची ताकद मात्र साध्या गुणाकाराने काढता येते.

शब्द कसा निवडावा?

उपाय ऐकून वाचकांस नवल वाटेल. शब्दकोशाचा हल्ला शब्दकोशातीलच शब्दांनी परतविता येतो. अट एकच : शब्द आपण निवडावयाचे नाहीत, फाशांनी निवडावयाचे.

अर्नोल्ड राइनहोल्ड यांनी १९९५ साली ही पद्धत प्रचारात आणली. सापशिडीचा साधा फासा पाच वेळा टाकला तर ७,७७६ प्रकारचे निकाल संभवतात. तितक्याच शब्दांची क्रमवार यादी घ्यावी आणि पाच वेळा फासा टाकून एक शब्द निवडावा. अशा रीतीने पाच शब्द काढून ते ओळीने जोडावेत. यादी हल्लेखोराच्या हाती असली तरी चालते, कारण त्याला कोणते पाच शब्द आणि कोणत्या क्रमाने आले, हे ठाऊक नसते. दर सेकंदास २५ लाख या गतीने चार शब्दांच्या सर्व शक्यता तपासण्यास सुमारे ४६ वर्षे लागतील. शंभर कार्डे जोडल्यास मात्र अर्धे वर्षच. पाच शब्द घेतल्यास एका कार्डाला सुमारे ३ लाख ६० हजार वर्षे लागतात आणि शंभर कार्डांनाही ३,६०० वर्षे पुरत नाहीत. म्हणून पाचांहून कमी शब्द घेऊ नयेत. कार्यालयांनी सहा घ्यावेत.

याच्या तुलनेत आठ लहान रोमन अक्षरांची परवल, ती कितीही अर्थहीन असली तरी, एका दिवसाच्या आत सापडते. बारा अक्षरे व आकडे खरोखर यादृच्छिकपणे निवडल्यास सुमारे ४ कोटी वर्षांचे संरक्षण मिळते, पण ती लक्षात ठेवणे कठीण. पाच शब्द मात्र मुलेही पाठ करतात.

शिक्षकांना हा प्रयोग वर्गात सहज करता येईल. शाळेतील कोणताही मराठी शब्दकोश घ्यावा. शून्य ते नऊ आकड्यांच्या चिठ्ठ्या करून पानाचा क्रमांक काढावा, प्रत्येक वेळी चिठ्ठी परत डब्यात टाकावी. मग त्याच रीतीने त्या पानावरील शब्दाचा क्रमांक काढावा. कोश ४०० पानांचा आणि पानावर २० शब्द असतील, तर निवडीस ८,००० शब्द मिळतात. निघालेला शब्द आवडला नाही म्हणून बदलू नये. बदलला की निवड पुन्हा माणसाची झाली. शेवटी ते शब्द रोमन अक्षरांत लिहावेत व मध्ये लहान रेघ द्यावी. गुणाकार, संभाव्यता आणि भाषा असे तीन विषय या एका खेळात येतात, आणि घरी गेल्यावर विद्यार्थी आईवडिलांनाही ते समजावून देतो.

दुसरी दारे

कुलूप भक्कम केले तरी खिडकी उघडी राहता कामा नये. अनेक जुन्या राउटरांवर एक कळ दाबून अथवा आठ आकडी क्रमांक टाकून जोडणी करण्याची डब्ल्यूपीएस नावाची सोय असते. तिचा आठ आकडी क्रमांक दोन भागांत तपासला जातो. त्यामुळे जास्तीत जास्त ११,००० प्रयत्नांत तो सापडू शकतो, हे २०११ साली सिद्ध झाले. ही क्रमांकाची सोय बंद ठेवावी. राउटरची व्यवस्था पाहण्यासाठी असलेली स्वतंत्र परवलही कारखान्यातून आलेली ठेवू नये. पाहुण्यांसाठी वेगळे जाळे ठेवण्याची सोय बहुतेक राउटरांत असते. तिचा उपयोग करावा. आणि परवलीचा कागद फळ्यावर अथवा टेबलाच्या काचेखाली लावू नये. कार्यालयातील कर्मचारी बदलून गेल्यास परवल बदलावी. मात्र दर महिन्यास उगाच बदलण्याची सक्ती केल्याने लोक शेवटचा आकडा तेवढा वाढवितात आणि लाभ काहीच होत नाही. अमेरिकेतील मानके ठरविणाऱ्या राष्ट्रीय संस्थेने २०१७ सालीच अशा सक्तीविरुद्ध मत दिले आहे.

येथे एक इशारा देणे आवश्यक आहे. वर वर्णिलेली चाचणी केवळ स्वतःच्या जाळ्यावर अथवा धारकाच्या लेखी संमतीनेच करता येते. दुसऱ्याच्या जाळ्यात अप्रामाणिकपणे अथवा कपटाने विनापरवाना शिरणे हा माहिती तंत्रज्ञान अधिनियम, २००० च्या कलम ४३ व ६६ खाली अपराध असून त्यास तीन वर्षांपर्यंत कारावास, पाच लाख रुपयांपर्यंत दंड अथवा दोन्ही शिक्षा होऊ शकतात. हे तरुणांनी ध्यानी घ्यावे.

सारांश, शब्दकोश-हल्ला फसतो तो मुख्यत्वे परवल निवडणाऱ्याच्या पद्धतीमुळे. यंत्राची संथ गती, नावाचे मीठ आणि नवी डब्ल्यूपीए-३ पद्धत ही सर्व साहाय्ये मोलाची आहेत. परंतु मोबाइल क्रमांकाला किंवा कुलदैवताच्या नावाला त्यांपैकी पहिली दोन फार काळ वाचवू शकत नाहीत. पाच शब्द, एक फासा आणि अर्ध्या तासाचा वेळ एवढ्या सामग्रीवर घराचे, शाळेचे अथवा पंचायतीचे जाळे सुरक्षित करता येते. प्रत्येक कार्यालयप्रमुखाने, शिक्षकाने आणि कुटुंबप्रमुखाने आपल्या राउटरची परवल कोणी व कशी निवडली होती, हे या आठवड्यात एकदा आठवून पाहावे. ती मनाने निवडलेली असेल, तर फासा हाती घ्यावा.